दारातून निघताना डावीकडे

वाडी, नागपूर
१४ जुलै २०२४

प्रणाली,

आईचा आशीर्वाद आधी घे, मग खालचं वाच.

फोन मी मुद्दाम उचलून नाई राहिली. फोनवर मी ओरडते, तू रडते, तेवढ्यात नेट जाते आणि मग दोघीही दिवसभर जेवत नाई. कागद बरा. मी चौथी शिकली, अक्षर वाकडं आहे, पण कागद मधातच कटत नाई. भूमिका याचा फोटो काढून तुले पाठवीन. तूही हातानंच लिही आणि मोठं लिही. भूमिका वाचून दाखवते तेव्हा मले झोंबीन असं सारं गाळून टाकते. सून गुणाची आहे, पण मले गाळलेलं नाई पायजे.

मुद्द्याचं सांगते. तुले पाचवा लागला. पहिलं बाळंतपण माहेरात होते. माझं उमरेडले माझ्या आईजवळ झालं, भूमिकाचं तिच्या आईजवळ झालं. तू काही आकाशातून पडली नाई. सातवा सरला की निघून ये. तिकडं कोण करणार तुझं? पोटात कळ आली तर तुझी सासू काय फुलं वाहत बसीन? फोटोत जेव्हा पाहा तेव्हा तिच्या हातात फुलाची टोपली. देवाचं करावं, मी नाई म्हणत नाई. मीही दिवा लावूनच गोदामात बारदाना शिवायले जाते. पण दिवसभर देव देव करायले आपण काय रिकामे आहो?

डिंक, सुंठ, खोबरं मी भरून ठेवीन. शेगडीसाठी कोळसा सांगून ठेवला.

बाबाचं विचारू नको. तब्येत चांगली आहे. गोदामावर चौकीदारीची रात्रपाळी चालू आहे.

कधी येतं ते लिही. येऊ का नको, असं नको लिहू.

आई


सिदेमेन, बाली
२८ जुलै २०२४

आई,

कागदावरही ओरडलीसच. पण कट करता आलं नाही, म्हणून पूर्ण वाचलं.

मला यायचं आहे. कोमांगची ना नाही. अडलंय ते मेमेपाशी. मेमे म्हणजे सासूबाई, इथं आईला मेमेच म्हणतात. ती रिकामी नाही गं. सकाळी भात शिजला की माणसांच्या आधी केळीच्या पानाच्या तुकड्यांवर चिमूट चिमूट भात ठेवायचा. चुलीला, विहिरीला, उंबऱ्याला. मग फुलांच्या टोपल्या. घरच्या देवळात, दाराबाहेर रस्त्यावर, कोमांगच्या स्कूटरवरसुद्धा. पहिल्या महिन्यात स्कूटरवरची टोपली मी कचरा समजून फेकली होती. मेमे दोन दिवस माझ्याशी बोलली नाही. आता टोपल्या मीच करते आणि चुकलं की ती माझी टोपली उसवते.

दुपारी ती ओसरीत मागावर बसते. बाबा चालवायचे तसा खड्ड्याचा माग नाही. पाय समोर लांब करायचे, माग पट्ट्यानं कमरेला बांधायचा आणि पाठीनं ताण द्यायचा. बाबांना सांगशील?

तिची एकच अट आहे. बाळासोबत जी वार पडते ती हे लोक फेकत नाहीत. ते बाळाचं भावंड, सोबत आलेलं. ती धुऊन, पांढऱ्या कपड्यात गुंडाळून, नारळात ठेवून दाराशी पुरतात. मुलगा असला तर दारातून निघताना उजवीकडे, मुलगी असली तर डावीकडे. वर दगड, काटे, आणि संध्याकाळी दिवा. धुवायचं काम बापाचं. ते भावंड जन्मभर पोराची राखण करतं. ते कुठं तरी कचऱ्यात गेलं तर पोराला आपलं घर ओळखू येत नाही, असं मेमे मानते.

कोमांगला तेव्हा हॉटेलातून सुट्टी नाही, सीझन असतो. मेमे म्हणते, नागपूरला जा, पण तिथं बापाच्या जागी हे कोण करील त्याचं नाव मला सांग. नाव सांगितल्याशिवाय ती पाठवणार नाही. आणि खरं सांगू, तिला दुखवून मी निघणारही नाही.

आणि हे लोक हिंदूच आहेत, हे बाबांना पुन्हा एकदा सांग.

प्रणाली


वाडी
११ ऑगस्ट २०२४

प्रणाली,

वाचलं. दोनदा वाचलं. भूमिकाले वाचू दिलं तर तिनं नाकाले पदर लावला.

नाव पायजे ना? लिही, मनोहरराव. पोरीचा बाप करीन. झालं. मी त्यायले विचारलं नाई आणि विचारणारही नाई. विचारलं तर नाई म्हणतील, मग तू तिकडंच बसशील. तू ये तर आधी. मेमेले काय नागपूरचं दिसून राहिलं? दवाखानेवाले त्यायचं ते करतील, आपण दाराशी एक दगड ठेवू, दिवा लावू, फोटो पाठवू. तिचंही समाधान, आपलंही.

असं नको समजू की मले यातलं काही माहीत नाई. तुझी वारही उमरेडले दाईनं न्हाणीजवळ पुरली होती. दाईच करे, घरचं माणूस हात लावत नसे. ती जागा मले दाखवता येणार नाई, कारण तुझ्या मामानं तिथं संडास बांधला. तरी तुले घर ओळखू येते ना? मग.

दुसरी गोष्ट. ही खोली भाड्याची आहे हे तिले सांगतलं का? समोरचं अंगण मातीचं आहे, पण बाबूलालचं आहे. आमचा घरमालक खिळा ठोकायचा तरी दहा वेळा विचारते.

तिसरी गोष्ट, हे मन घट्ट करून वाच. बाबानं गल्लीत सांगून ठेवलं आहे की जावई दुबईले आहे, आपल्याच समाजातला आहे. दोन वर्षांपासून तेच चालू आहे. मी खरं सांगत नाई, खोटंही सांगत नाई, गप राहते. तू आली की तूही गप राह्य. चार महिन्यांसाठी तमाशा नको.

मागाचं त्यायले सांगतलं. तुझं नाव काढलं की उठून जाते, पण या वेळी बसून राहिले. म्हणे, 'कमरेले बांधलं तर उठायचं कसं?' मी म्हटलं, मले काय माहीत, विचारा तिले. मग उठून गेले.

तिकिटाचं कळव.

आई


सिदेमेन
६ ऑक्टोबर २०२४

आई,

डॉक्टरांचं पत्र मिळालं, तिकीट झालं. बारा तारखेला पोचते.

इथं नुकताच गालुंगानचा सण झाला. दारोदार वाकलेले उंच बांबू उभे करतात आणि पूर्वज घरी येतात. आपल्या पितरांसारखंच, पण आनंदानं. मेमेनं घरच्या देवळात पूर्वजांसमोर मोठ्यानं सांगितलं की सून माहेरी जाते आहे आणि पोराचं भावंड मनोहररौ धुणार आहे. बाबांचं नाव आधी तिनं माझ्याकडून तीनदा म्हणून घेतलं, चुकू नये म्हणून.

तू मेमेला फसवायचं लिहिलंस, ते मी वाचलं. पण मी मेमेला फसवून सांगितलेलं नाही. मी बाबांचं नाव सांगितलं तेव्हा, बाबांना विचारलं तर ते करतील, असं मला खरंच वाटत होतं. आता बॅग भरताना भीती वाटते आहे. नुसत्या दगडाचा फोटो मी पाठवणार नाही, आई. तसं करावं लागलं तर मी मेमेला खरं सांगीन.

उठताना पट्टा सोडतात, असं बाबांना सांग.

प्रणाली


वाडी, नागपूर
५ डिसेंबर २०२४

विहीणबाईले वाडीहून प्रेमिलाचा रामराम.

आपण कधी बोललो नाई, कारण भाषा नाई. मी मराठीत लिहून राहिली, तुमची सून तुमच्या भाषेत करीन. प्रणाली, जसं आहे तसंच कर, साखर नको टाकू.

एकोणतीस तारखेले सकाळी पोरगी झाली. फोटो तुम्ही पाहिलेच. नाक तुमच्याकडचं आहे, आवाज माझा आहे. बाळंतीण चांगली आहे. शेगडी, लाडू, मालिश सारं होऊन राहिलं. तुमच्या रीतीप्रमाणं सून पोरीले जमिनीले टेकू देत नाई. तीन महिने पोरगी देवाची म्हणे. असू दे. मालिश मी पाय लांब करून माझ्या पायावर करते. माझे पाय जमिनीत मोडते का, ते कळवा.

आता अटीचं. तुमच्याशी खोटं बोलून मले काही मिळणार नाई. प्रणालीच्या बाबाचं नाव मी यायले न विचारता लिहिलं होतं. पोरगी घरी यावी एवढंच मले पायजे होतं. दोन वर्षांपासून हे तिच्याशी बोलत नाई. विमानतळावर आले, बॅग उचलली, बोलले नाई. घरात ती समोर बसली असते आणि हे मले म्हणते, 'तिले म्हणा दूध पिऊन घे.' ती म्हणते, 'बाबांना सांग, प्याले.' मी काय टेलिफोन आहो? अशा माणसाले मी हे कुठून सांगू?

दवाखान्यात सिस्टरनं वार पिवळ्या थैलीत टाकली. प्रणाली गुंगीत होती, तरी तिनं माझा हात धरून ठेवला होता. मी बाहेर येऊन सिस्टरले म्हटलं, ती आम्हाले पायजे. ती म्हणे, 'आजी, तसं देत नाई, नियम आहे.' मी म्हटलं, बरं. खरंच सांगते, मी बरं म्हटलं आणि वळली. वळली तर हे मागं उभे. हातात कापडी थैली. थैलीत एक नारळ आणि घडी केलेला पांढरा पंचा.

तो पंचा यायचा स्वतःचा. गांधीबागच्या कापड दुकानात लागायच्या आधी हे उमरेडले माग चालवत. त्या मागावरचा शेवटचा तुकडा. कोणाले वापरू देत नसत.

मले समजेना, यायले कोणी सांगतलं? तर पत्र. माझ्या पत्राचा नुसता फोटो जाते ना, कागद घरीच राहते. मी पिठाच्या डब्यामागं ठेवत होती. यायनं सारी वाचली. आपलं नाव वाचलं. प्रणालीची पत्रं भूमिकाच्या फोनमध्ये असते, तुमची रीत आणि तुम्ही देवळात सांगतलं तेही तिथं वाचलं.

सिस्टरले म्हणे, 'माझं नाव सांगतलं आहे तिकडं. ती मले धुवायची आहे.' सिस्टर म्हणे, 'काका, तुम्हाले?' मोठी डॉक्टरीणबाई आली. तिनं सारं विचारलं, यायच्याकडून लिहून घेतलं, सही घेतली, मग दिली.

आमच्यात वारेले घरचं माणूस हात लावत नाई, पुरुष तर नाईच. घरी आणून यायनं नळाखाली नाई धुतली. परातीत घेऊन तांब्यानं पाणी ओतून धुतली, सुताची लडी धुवावी तशी, सावकाश, पाणी स्वच्छ येईपर्यंत. भूमिका आत पळाली. मी पाणी दिलं. 

मग दाराकडे पाठ करून उभे राहिले आणि एक हात वर केला. मले म्हणे, 'हाच ना डावा?' लग्नाले तीस वर्षं झाली, या माणसाले मी इतकं घाबरलेलं पाहिलं नव्हतं. मी म्हटलं, हो, हाच, खोदा आता.

खोल खोदलं. वर दगड ठेवला. तुमच्याकडं काट्याचं केवड्यासारखं झाड लावते म्हणे, ते इथं कुठून आणू? निवडुंग लावला. संध्याकाळी ड्यूटीवर जायच्या आधी हेच दिवा लावते. घरमालकाले आम्ही सांगतलं की झाड लावलं. ते काही खोटं नाई.

प्रणालीशी अजून बोलत नाई. ते तुमच्या अटीत नव्हतं, म्हणून मी काही म्हणत नाई.

प्रेमिला


(मेमे बोलत गेली, कोमांगनं फोनवर ऐकवलं, मी इथं खाटेवर बसून लिहिलं. आई, साखर टाकलेली नाही. – प्रणाली)

सिदेमेन
२० डिसेंबर २०२४

प्रेमिला,

पाय जमीन नाहीत. मालिश कर.

नाव तू नवऱ्याला न विचारता दिलंस, हे मला तेव्हाच कळलं होतं. सून नाव सांगताना जमिनीकडं पाहत होती. म्हणूनच मी ते देवळात मोठ्यानं सांगितलं. म्हटलं, आता मी माझं केलं, पुढचं त्या घरावर. मला वाटलं होतं तुम्ही फेकून द्याल आणि फोटो पाठवाल. मी फोटो मागणारही नव्हते.

धुवायचं काम कोमांगचं होतं. हे मी त्याला रोज ऐकवते आहे. आत्ताही तो हे ऐकतो आहे.

मनोहररौला विचार, पंच्याचं सूत किती बारीक होतं? मी या बाळासाठी एक कापड विणून ठेवलं होतं, ते सुनेसोबत द्यायचं राहिलं. ती निघून गेल्यावर मागाजवळ दिसलं आणि मी स्वतःवर फार चिडले. इतके दिवस मला वाटत होतं, भावंड कुठल्या तरी विकतच्या फडक्यात गेलं असेल. हाताच्या विणीत गेलं, आता झोप लागेल.

अंगावर पाजून झालं की दुधाचे चार थेंब त्या दगडावर टाकायला सुनेला सांग. दिवा बेचाळीस दिवस लावा, मग नाही लावला तरी चालतं.

आणि एक. तुमच्याच घरात माणूस रुसलं असं समजू नको. कोमांगनं बाहेरची मुलगी आणली तेव्हा त्याचा बापही त्याच्याशी बोलत नव्हता. शेतात दोघं एकाच बांधावर, आणि निरोप माझ्याकडं. तू टेलिफोन, मी पण टेलिफोन. भात कापणीला आला, माणूस कमी पडलं, तेव्हा बोलला. तुमच्याकडं कापणी कधी असते?

कोमांगची आई


सिदेमेन
१६ मार्च २०२५

आई,

परवा गार्गीचे पाय जमिनीला लागले.

सकाळपासून घरात पाय ठेवायला जागा नव्हती. गावच्या बायका केळीची पानं कापत होत्या, पुरुष डुकराचं मटण चिरत होते. (हे बाबांना सांगू नकोस. किंवा सांग.) पुजारी मंत्र म्हणत होते. मग मेमेनं तिला उचललं, स्वतः विणलेलं कापड अंगणात अंथरलं, त्याच्या कडेला उघडी माती ठेवली आणि आधी उजवा, मग डावा, असे पाय टेकवले. गार्गीनं पायाची बोटं मातीत रुतवली आणि हसली. इतके दिवस सगळे हातावर झेलत होते, कंटाळली असेल. आता तिचं नाव पुतू गार्गी. पुतू म्हणजे पहिली.

ती रडायला लागली की मेमे घराच्या दाराकडे वळून काही तरी बोलते. मी विचारलं काय बोलता. तर म्हणे, तिच्या भावंडाला सांगते, लांब आहेस तरी लक्ष ठेव.

आई, एक गोष्ट मी निघताना बोलले नाही. शेवटच्या आठवड्यात मी दगडावर दूध टाकत होते, तेव्हा शेजारच्या मयुरीनं विचारलं, दुबईत थंडी असते का गं? मी म्हटलं, असते. बाबा दारात चपला घालत होते. त्यांनी ऐकलं आणि ड्यूटीवर गेले. विमानतळावर माझ्यासमोर उभं राहून तुला म्हणाले, 'तिले म्हणा, पोचली की कळव.'

बाबांनी जे केलं ते मी कधी विसरणार नाही. पण माझ्या पोरीचं भावंड त्या गल्लीत आहे आणि तिच्या बापाचं नाव त्या गल्लीत नाही. हे मला इथं रोज टोचतं. कोमांगला मी हे सांगितलेलं नाही. दुबईचं त्याला माहीतच नाही.

दिव्याचे बेचाळीस दिवस कधीच झाले. आता बंद केला तरी चालतो, असं बाबांना सांग.

प्रणाली


वाडी
२० एप्रिल २०२५

प्रणाली,

उत्तराले उशीर झाला. इथं ऊन पेटलं आहे, गोदामात पत्र्याखाली बसवत नाई. आणि मधात जे झालं ते संपल्याशिवाय मले लिहायचं नव्हतं. आता संपलं.

दिव्याचं मी त्याच दिवशी सांगतलं. म्हटलं, विहीणबाई म्हणते आता नाई लावला तरी चालते. म्हणे, 'बरं.' आणि संध्याकाळी लावून ड्यूटीवर गेले. दुसऱ्या दिवशीही लावला. मी काही म्हटलं नाई, तेल काही फार लागत नाई.

तुझं पत्र मी पिठाच्या डब्यामागं नाई ठेवलं. भूमिकाकडून मोठ्या कागदावर काढून घेतलं आणि यायच्या डब्याच्या थैलीत टाकलं. वाचलं का ते मी विचारलं नाई. परत आलं तेव्हा त्याची घडी बदलली होती.

झालं असं. मयुरीच्या पोराले दोनदा ताप आला. उन्हाचा ताप, दुसरं काय. पण तिनं गल्लीत सुरू केलं की प्रेमिलाकाकूच्या दारात काही गाडलं आहे, दगड आहे, काटे लावले आहे, रोज दिवा लावते, झाडाले कोणी असा दिवा लावते का? करणी आहे म्हणे. नळावर बायका मले पाहून बादल्या बाजूले घ्यायले लागल्या. मी दोघींले तिथंच सुनावलं, त्यानं अजून वाढलं.

मागच्या रविवारी सकाळी बाबूलाल आला. सोबत मिस्त्री, आणि ट्रॉलीभर सिमेंटचे गट्टू. साऱ्या अंगणात गट्टू बसवतो म्हणे, पावसात चिखल होते. सुरुवात कुठून? तर आमच्या दारापासून. चार बायका, दोन माणसं तमाशा पाहायले उभी. मयुरी सगळ्यात पुढं.

बाबूलाल म्हणे, 'प्रेमिलाबाई, सच बताओ, इधर क्या गाडके रखा है? लोग डर रहे.'

मी तोंड उघडलं. झाडाचं सांगणारच होती. तेवढ्यात तुझे बाबा ड्यूटीवरून आले. सायकल भिंतीले लावली, डब्याची थैली काढली, कोणाकडं पाहिलं नाई. सरळ जाऊन त्या दगडाजवळ उकिडवे बसले आणि दगडावर हात ठेवला.

म्हणे, 'माझ्या नातीचं भावंड आहे.'

बाबूलाल दोन पावलं मागं सरकला. 'बच्चा मर गया था क्या? पोलीस को बताया?'

'मेलं नाई. वार आहे. पोरीसोबत आली ती. तिच्या बापाच्या घरी ती दाराशी ठेवते, पोरीची राखण करते म्हणून. बाप नव्हता, म्हणून मी धुतली, पोरगी म्हणून डावीकडे मी ठेवली.'

मयुरी म्हणे, 'दुबईत असं करते का, काका?'

मी तुले सांगते, मले वाटलं हे आता उठून आत जातील. नाई उठले.

'दुबई नाई,' म्हणे. 'मी खोटं सांगतलं होतं. माझी पोरगी बालीले दिली आहे. जावई आपल्या समाजातला नाई, तिकडचा आहे. कोमांग नाव आहे त्याचं. त्याची आई माझ्यासारखंच विणते.'

 मिस्त्री हातात गट्टू घेऊन तसाच उभा. बाबूलालनं डोकं खाजवलं. मग विचारते काय, 'लडकी के लिए इधर, तो लडके के लिए?' बाबा म्हणे, 'उजवीकडे. घरातून निघताना.' त्यानं वळून आपल्या दाराकडे पाहिलं. त्याची सून गरोदर आहे.

मयुरी संध्याकाळी आली. पोराले कडेवर घेऊन आली आणि दाराच्या उजवीकडून आली. म्हणे, 'काकू, आधीच सांगतलं असतं तर.' मी म्हटलं, तूच नळावर जाऊन सांग आता, माझं तोंड दुखते.

एक गोष्ट तुले लिहायची. जावयाचं नाव मी यायच्या तोंडून पहिल्यांदा ऐकलं. बरोबर म्हटलं. माझी जीभ अजून वळत नाई, मी जावई म्हणूनच भागवते. यायनं केव्हा पाठ केलं कोण जाणे. गोदामातल्या रात्रपाळीत बसून करत असतील.

गट्टू सारे बसले. अंगण लाल-पिवळं झालं आहे, झाडायले सोपं. दारातून निघताना डावीकडे हातभर माती उघडी सोडली, दगड आणि निवडुंग तिथंच आहे. मिस्त्री म्हणे, 'इतकंच काहून सोडता, डिझाइन बिघडते.' बाबा म्हणे, 'बिघडू दे.'

विहीणबाईले सांग, सूत साठ नंबरचं होतं. तिनं विचारलं होतं ना. हे यायनं लिहायले सांगतलं. मी म्हटलं, मी आता टेलिफोन नाई, तुम्हीच सांगा. तर म्हणे, 'रविवारी सकाळी मी घरी असतो.'

रविवारी सकाळी फोन कर. भूमिकाच्या नाई, घरच्या नंबरवर. दोन रिंग झाल्या तरी ठेवू नको, यायले बटन सापडायले वेळ लागते.

मी नाई उचलणार.

आई